तीन ब्रास वाळू

“गाडी कोणाची?”

“माझी.”

गेल्या पाच महिन्यांत मालकीणबाईंना हा प्रश्न इतक्या जणांनी विचारला होता, की झोपेत कुणी विचारलं असतं तरी त्यांनी आधी ‘माझी’ म्हटलं असतं आणि मग डोळे उघडले असते. कोर्टातल्या कारकुनाने विचारला. खाणखात्याच्या कचेरीतल्या कारकुनाने विचारला. पोलीस ठाण्याच्या फाटकावरचा पहारेकरी तर वही पुढ्यात ओढून रोज विचारायचा, कालची गाडी आज दुसऱ्या कुणाची झाली असेल म्हणून. आणि ‘माझी’ म्हटलं की जो तो चष्म्यावरून बघायचा आणि म्हणायचा, “तुमची? तुम्ही चालवता?”

कप्पाळ चालवतात! मालकीणबाई चालवायच्या ते शिलाई मशीन. खिडकीपाशी बसून शाळेचे गणवेश शिवायच्या, वर्षाला तीनशे चड्ड्या नि तेवढेच शर्ट. वाळू वाहणारा तो टिपर त्यांच्या नावावर होता तो निव्वळ दिरांच्या धास्तीने. चौदा वर्षांपूर्वी गाडी घेतली तेव्हा भावांनी वाटणी मागू नये म्हणून मिस्त्रींनी, म्हणजे त्यांच्या नवऱ्याने, कागद बायकोच्या नावाचे केले. मिस्त्री आधी गवंडी होते. थापी सोडून स्टिअरिंग धरलं तरी ‘मिस्त्री’ काही सुटलं नाही.

गाडी नावावर, पण चौदा वर्षांत मालकीणबाई तिच्यात एकदाही बसल्या नव्हत्या. “बाईमाणूस कॅबिनमध्ये दिसलं की लाइनीवरची पोरं हसतात,” असं मिस्त्रींचं म्हणणं. त्यामुळे कापडाचं गाठोडं घेऊन त्या बसस्टॉपवर उभ्या असायच्या आणि त्यांच्याच नावाची गाडी त्यांच्याच तोंडावर धूळ उडवून पुढे जायची. वर मिस्त्री हॉर्न वाजवायचे. प्रेमाने.

तर अशी ही गाडी पकडली गेली, आणि ‘मालकीणबाई’ हे नाव त्यांना ठाण्यातच पडलं.

गुन्हा म्हणाल तर सरळ होता. नदीतून वाळू काढायची तर खात्याची पावती लागते. एक पावती, एक खेप, तीन ब्रास. ब्रास म्हणजे शंभर घनफूट. मिस्त्रींनी सकाळी रीतसर पावतीवर एक खेप मारली आणि दुपारी तीच पावती खिशातून काढून, घडी उलटी घालून, दुसरी मारली. नाक्यावर अडवल्यावर पावती दाखवली. अडवणाऱ्याने सकाळीही तीच बघितली होती.

“सगळेच मारतात गं दुसरी खेप,” मिस्त्री घरी येऊन म्हणाले होते.

“मग सगळ्यांच्या गाड्या आहेत का ठाण्यात?”

यावर मिस्त्रींनी पाणी मागितलं.

वकीलबाई तरुण होत्या, सदा सर्दी झालेल्या, पण हुशार. त्यांनी पहिल्याच दिवशी समजावून सांगितलं होतं. “ताई, खटला चालेल चार वर्षं, कदाचित सहा. तोवर गाडी उघड्यावर सडेल. म्हणून आपण तात्पुरता ताबा मागायचा. गाडी विकणार नाही, रंग बदलणार नाही, बोलावलं की हजर करू, असं लिहून द्यायचं. फोटो काढायचे. बॉण्ड द्यायचा. मालकाने मागायचा असतो, म्हणजे तुम्ही.”

“किती दिवस लागतील?”

“पंधरा.”

सरकारी काम आणि सहा महिने थांब, हे काय नवीन आहे? पण वकीलबाईंनी ‘पंधरा’ इतक्या ठामपणे म्हटलं, की मालकीणबाई बिचाऱ्या दिवस मोजायला लागल्या. कोर्ट म्हणालं, आधी खात्याचं म्हणणं आणा. खातं म्हणालं, प्रकरण कोर्टात आहे, आम्ही कसं बोलणार? कोर्ट म्हणालं, बोलणार नाहीत तसं लेखी आणा. खातं म्हणालं, न बोलण्याचं लेखी देण्याची पद्धत नाही. मालकीणबाई दोन्हीकडच्या पायऱ्या चढून गुडघ्यांना तेल लावत होत्या. गणवेशाची गिऱ्हाइकं दुसऱ्या शिंप्याकडे जायला लागली होती. घर त्या एका मशीनवर चाललं होतं आणि त्या मशीनवर बसायला त्यांना सवड नव्हती.

आणि गाडी? ती ठाण्याच्या आवारात, भिंतीला लागून, तीन ब्रास वाळूसकट उभी होती. टायर बसले होते. बॅटरी कधीच गेली होती. वाळूत गवत उगवलं होतं, आणि एका कुत्रीने मागच्या चाकांमध्ये पिल्लं घातली होती. एक मेकॅनिक बघून म्हणाला होता, “अजून दोनेक महिने अशीच राहिली, तर ताबा मागायला भंगारवालाच पाठवा.”

गाडीचा एखादा भाग कुणी काढून नेऊ नये म्हणून मिस्त्री रोज डबा घेऊन ठाण्यात जायचे आणि संध्याकाळपर्यंत तिथेच उभे राहायचे. उभेच, कारण बसायला जागा नव्हती. तक्रार द्यायला आलेली म्हातारी माणसंही भिंतीला टेकून उभी असायची.

मग एक दिवस मिस्त्री घरी आले ते नखांत सिमेंट घेऊन.

“हे काय?”

“ओटा बांधतोय.” पाच महिन्यांत पहिल्यांदा त्यांच्या आवाजात जीव होता. “हवालदार म्हणाले, मिस्त्री, नुसते उभे राहता, त्यापेक्षा लोकांना बसायला काहीतरी करा ना. मागच्या भिंतीच्या विटा पडल्याच होत्या. सिमेंट त्यांनी दिलं. अगं, हात विसरला नाहीये अजून.”

अडला हरी गाढवाचे पाय धरी. मालकीणबाईंना बरंच वाटलं. “चांगलं झालं,” त्या म्हणाल्या. “हवालदारांची मर्जी राहील. नीट गुळगुळीत करा, लोकांचे कपडे फाटायला नकोत.”

विटा विचारल्या, सिमेंट विचारलं. वाळूचं विचारायचं त्यांना सुचलंच नाही. पुढे त्यांनी याबद्दल स्वतःला जितक्या शिव्या घातल्या तितक्या मिस्त्रींनाही घातल्या नसतील. ओटा झाला मात्र देखणा. कडा गोल, वर घोटून काढलेला. मालकीणबाईही जायच्या तेव्हा त्यावर बसायच्या, डबा खायच्या, आणि समोरच्या गाडीकडे बघत सुस्कारे सोडायच्या.

अखेर कोर्टाने म्हटलं, गाडी आणि वाळू दोन्ही मोजून ठाण्याने अहवाल द्यावा, मग निर्णय करू. वकीलबाई फोनवर शिंकत म्हणाल्या, “ताई, झालंच समजा! अहवाल आला की आदेश.”

मोजायच्या दिवशी ठाण्यात नवे साहेब होते. चार दिवसांपूर्वीच बदलून आलेले, कोरे करकरीत. त्यांनी दोन शिपाई गाडीवर चढवले. टेप लावली. लांबी, रुंदी, खोली. पुन्हा लावली. कागद बघितला.

“जप्तीत तीन ब्रास लिहिलीय,” साहेब म्हणाले. “ही पावणेदोन भरतेय. सव्वा ब्रास कुठे गेली?”

हवालदारांनी आभाळाकडे बघितलं. “वारा फार असतो साहेब इथे.”

“सव्वाशे घनफूट वाऱ्याने गेली?”

मालकीणबाई ओट्यावर बसल्या होत्या. त्यांनी मिस्त्रींकडे बघितलं. मिस्त्री त्यांच्याकडे बघत नव्हते, त्यांच्या खाली बघत होते. मालकीणबाईंनी सावकाश आपला हात ओट्यावरून फिरवला. मग चटका बसल्यासारख्या उठून उभ्या राहिल्या.

“जप्त मालात हात घातला गेलाय,” साहेब लिहिता लिहिता म्हणाले. “अर्जदाराचा माणूस रोज गाडीपाशी असतो, असंही दिसतंय. परवा अहवाल कोर्टात जाईल.”

वकीलबाईंना फोन केला, तर त्या शिंकायच्याही थांबल्या. “ताई, असा अहवाल गेला तर अर्ज फेटाळणार. आणि एकदा फेटाळला की वरच्या कोर्टात जाईपर्यंत वर्ष. गाडी विसरा.”

ठाण्याच्या फाटकाबाहेर, भर रस्त्यात, मालकीणबाईंचा बांध फुटला.

“एकाच वाळूसाठी दोनदा! अहो, चोरसुद्धा दुसऱ्यांदा दुसरं घर बघतो! काय म्हणून घेतलीत?”

“हवालदार म्हणाले, वाळू आहेच की. मला वाटलं, आपलीच तर आहे.”

“आपली? आपली असती तर ती ठाण्यात कशाला असती? आणि ओट्याला सव्वा ब्रास लागते होय? सोनं भरलंत का आत?”

“आत भरावच वाळूचा घातला,” मिस्त्री हळूच म्हणाले. “माती घातली असती तर खचला असता. काम करायचं तर चांगलं करावं.”

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते यालाच! मालकीणबाईंना रडू येत होतं आणि त्याहून जास्त राग येत होता, आणि दोन्ही एकदम येत असल्यामुळे धड एकही होत नव्हतं.

तेवढ्यात हवालदार बाहेर आले. माणूस वाईट नव्हता. दोन वर्षांनी निवृत्त होणार होता, आणि ओट्यावर त्याचाही जीव होता. “वहिनी,” ते आवाज खाली करून म्हणाले, “उद्या संध्याकाळपर्यंत सव्वा ब्रास आणून टाका. मी साहेबांना म्हणतो, टेप चुकली होती, पुन्हा मोजू. माझ्या ओळखीचा एक आहे. पाठवतो. फक्त त्याच्याकडे पावती मागू नका, सध्या पावत्या बंद आहेत.”

मिस्त्रींचा चेहरा उजळला. “बघ, सुटलं!”

“काय सुटलं?” मालकीणबाई म्हणाल्या. “चोरीची वाळू नेली म्हणून गाडी धरली. ती सोडवायला आता आणखी चोरीची वाळू आणायची? आणि तो आणणारा नाक्यावर धरला गेला, तर त्याच्या गाडीशेजारी मी कुठे उभी राहू? त्याचाही अर्ज मीच करू?”

“वहिनी, व्यवहार बघा जरा.”

“पाच महिने व्यवहारच बघतेय, हवालदारसाहेब. आता डोळे दुखायला लागले.”

त्या घरी आल्या त्या थेट मशीनच्या खणापाशी गेल्या. खणातून शिवणाची टेप काढली, साठ इंची, गळ्यात घालून घालून मऊ झालेली, आणि गणवेशांची मापं लिहायची वही. अर्ध्या तासाने त्या पुन्हा ठाण्यात हजर.

“गाडी कोणाची?” पहारेकऱ्याने विचारलं.

“माझी. आणि आज ओट्याचं माप घ्यायचंय, तेही वहीत लिहा.”

त्या ओट्यापाशी वाकून पाच पाच फुटांनी खडूच्या खुणा करत माप घेऊ लागल्या. दोन शिपाई बघायला आले. हवालदारांनी लांबूनच विचारलं, “वहिनी, ओट्याला झगा शिवताय का?”

“हो. अंगाने भरलाय तो. माझी वाळू खाऊन.”

मिस्त्री थोडा वेळ तोंड फिरवून उभे राहिले. मग आले आणि टेपेचं दुसरं टोक त्यांनी धरलं. “भिंत नऊ इंची आहे,” ते पुटपुटले. “ती चारी बाजूंनी वजा कर. वर तीन इंच कोबा आहे. आणि जोडकाम, गिलावा, कोबा मिळून अठरा घनफूट धर.”

त्यांनी धरले. बावीस फूट लांब, पाच फूट रुंद, पावणेदोन फूट उंच. विटांची जाडी गेली, आत भराव राहिला एकशे सात. अधिक अठरा. मालकीणबाईंनी वहीत बेरीज केली, सातवीच्या एका मुलाच्या कमरेच्या मापाखाली. सव्वा ब्रास. घनफूटभर इकडे नाही की तिकडे नाही. म्हणजे बाहेर एक कणही गेला नव्हता. एवढा प्रामाणिक चोर त्यांनी पाहिला नव्हता, आणि तो नेमका आपल्याच वाट्याला यावा, याचाही त्यांना संताप आला.

सुनावणीच्या दिवशी कोर्टाच्या दारात वकीलबाई म्हणाल्या, “ताई, तुम्ही काही बोलू नका. माहीत नाही म्हणा. झाकली मूठ सव्वा लाखाची.”

“माझ्या मुठीत वाळू आहे हो. झाकली तरी गळतेय.”

पुकारा झाला. न्यायाधीशांनी अहवाल वाचला, भुवया वर केल्या. “अर्जदार कोण? गाडी कोणाची?”

“माझी,” मालकीणबाई म्हणाल्या. “साहेब, वाळू चोरीला गेलेली नाही. ठाण्यातच आहे. लोक तिच्यावर बसतात.”

मागच्या बाकांवर हसू फुटलं. न्यायाधीशांनी बघितलं तसं थांबलं. मालकीणबाईंनी वही उघडली आणि सगळं सांगितलं: पावती, दुसरी खेप, उभी राहणारी म्हातारी माणसं, हवालदारांचं ‘वाळू आहेच की’, नवऱ्याचं गवंडीकाम. पुन्हा भर टाकायचा सल्ला मिळाला होता, हेही सांगितलं. सल्ला कोणाचा ते विचारलं तेव्हा तेही सांगितलं, आणि सांगताना त्यांना वाईट वाटलं. मग मापं वाचून दाखवली.

“हे माप कोणी घेतलं?”

“मी. शिवणाच्या टेपेने. पण चुकत नाही, साहेब. गणवेश परत येत नाहीत माझे.”

न्यायाधीश बराच वेळ लिहीत राहिले. मग वाचून दाखवलं. ओटा हा मुद्देमाल समजून सील करावा, खटल्याचा निकाल लागेपर्यंत त्यावर कोणी बसू नये. उरलेली वाळू उतरवून, मोजून आवारात ठेवावी. हवालदारांची चौकशी व्हावी. अर्जदाराने काही लपवलेलं नाही, सबब गाडीचा तात्पुरता ताबा नेहमीच्या अटींवर अर्जदारास द्यावा. मालकीणबाईंनी डोळे मिटले. आणि, न्यायाधीश पुढे म्हणाले, ज्या इसमाने जप्तीपूर्वी आणि जप्तीनंतरही नियम मोडला, त्याने खटला संपेपर्यंत हे वाहन चालवू नये.

मिस्त्री भिंतीला टेकून उभे होते. पाच महिने त्यांनी गाडी राखली, आणि आता गाडी सुटली तर तेच अडकले. मालकीणबाईंना वाटलं, आपण खरं बोललो ते याच्यासाठी? चार वर्षं, कदाचित सहा. दुसरा ड्रायव्हर ठेवायचा आणि यांनी घरी बसून बटणं लावायची?

वाळू उतरवायला दोन दिवस लागले. बॅटरी मेलेली, त्यामुळे हौदा उचलेना. मिस्त्रींनी फावड्याने उपसली. फावडं मारायला आदेशात मनाई नव्हती. ओट्याभोवती दोरी बांधून लाखेचं सील लावलं होतं, आणि तक्रार द्यायला आलेली माणसं पुन्हा भिंतीला टेकून उभी होती. एक म्हातारा दोरीकडे बघत म्हणाला, “चांगला होता हो ओटा.” मालकीणबाई दुसरीकडे बघू लागल्या.

मेकॅनिक आपला ट्रॅक्टर घेऊन एकटाच आला. इंजिन तर अडकलंच होतं. “ओढून नेऊ,” तो म्हणाला. “गॅरेज कोपऱ्यावरच आहे, सरळ रस्ता. ब्रेक बघून घेतलेत. पण स्टिअरिंगवर एक माणूस पाहिजे.”

मिस्त्री सवयीने पुढे झाले. दाराला हात लागणार, तोच हवालदार ओरडले, “मिस्त्री! हात लावाल तर आदेश मोडला. मग मी परत जप्त करीन, सांगून ठेवतो.” चौकशीचा कागद हातात पडल्यापासून ते मालकीणबाईंना वहिनी म्हणेनासे झाले होते.

“अहो, इंजिन बंद आहे!”

“वाहन चालवू नये, असं लिहिलंय. इंजिनाचं काही लिहिलेलं नाही.”

“मग तुमचा एखादा शिपाई द्या.”

“आम्ही कुणाची गाडी का चालवावी?”

मालकीणबाईंनी गाडीकडे बघितलं. इतके दिवस कागदांवर सह्या करून करून बोटं दुखली होती, आणि आता शेवटच्या पन्नास पावलांवर हे! त्यांनी पदर खोचला. “व्हा बाजूला,” त्या म्हणाल्या. कोणाला म्हणाल्या ते त्यांचं त्यांनाही कळलं नाही. पायरी उंच होती. पहिल्यांदा पाय घसरला. मिस्त्रींनी खालून हात दिला. मालकिणीचं नि परवान्याचं आदेशात काही लिहिलेलं नाही, असं मेकॅनिकने हवालदारांना ऐकवलं, आणि हवालदारांनी खांदे उडवले.

आत डिझेलचा आणि मिस्त्रींच्या घामाचा जुना वास होता. आरशाखाली एक कापडाची चिंधी लटकत होती, गणवेशाच्या निळ्या कापडाची. त्यांच्याच खणातली. काच पुसायला म्हणून कधीतरी नेलेली असणार.

“घट्ट धर,” मिस्त्री खिडकीशी येऊन म्हणाले. “मी बरोबर चालतो. डावा पाय सोड, उजवा ब्रेकवर. मी म्हणेन तेव्हाच दाब.”

“आणि नाही दाबला गेला तर?”

“तर मी ओरडेन.”

दोर ताणला गेला. गाडी कण्हली, टायर चिकटलेल्या जागेवरून सुटले, कुत्री पिल्लं घेऊन पळाली. चाक एवढं जड होतं, की मालकीणबाईंचे खांदे भरून आले. खाली मिस्त्री खिडकीला धरून अर्धवट पळत होते. “डावीकडे. थोडं. थोडं म्हटलं ना! शाब्बास.”

फाटकापाशी पहारेकऱ्याने हात वर केला. ट्रॅक्टर थांबला. मिस्त्री ओरडले, मालकीणबाईंनी सगळा जोर लावून ब्रेक दाबला. गाडी थांबली.

पहारेकऱ्याने वही उघडली, पेन झटकलं, आणि खाली उभा असलेला पुरुष बघून त्यालाच विचारलं.

“गाडी कोणाची?”

मिस्त्रींना धाप लागली होती. त्यांनी वर खिडकीकडे बघितलं.

“हिची,” ते म्हणाले. “लिहून घ्या.”

पहारेकऱ्याने लिहून घेतलं, आणि सही करायला वही खिडकीतून वर दिली.